खोटी अळी, खरा गळ

कॅडिस हा पाण्याकाठी आढळणारा, पतंगासारखा दिसणारा लहान कीटक आहे. त्याचे बहुतेक आयुष्य पाण्याखाली जाते. अंड्यातून निघालेली अळी ओढ्याच्या तळाशी दगडांच्या सांदीत वाढते, तिथेच कोषात जाते आणि पंख फुटल्यावर थोड्या दिवसांसाठी बाहेर येते. फुलपाखरे आणि पतंग यांच्याशी या गणाचे जवळचे नाते आहे, आणि त्यांच्या सुरवंटांप्रमाणेच कॅडिसची अळीही तोंडातून रेशीम काढते. काही जातींच्या अळ्या या रेशमाने वाळूचे कण, काड्या आणि पानांचे तुकडे सांधून अंगाभोवती नळी बांधतात व ती ओढत फिरतात. काही जाती नळीशिवाय मोकळ्या हिंडतात. काही तर दगडांच्या फटीत बारीक जाळे विणून वाहत्या पाण्यातले अन्न त्यात धरतात. थंड पाण्यातला ट्राउट मासा या अळ्यांवर पोसतो. म्हणून गळाने ट्राउट धरणारे लोक दोरा, केस आणि तार वापरून या अळीची प्रतिकृती बांधतात व ती पाण्यात सोडतात.

ही प्रतिकृती नखाएवढी असली तरी तिच्यामुळे धर्मविचारातला एक जुना पेच नीट तपासता येतो. साध्या मासेमारीत हिंसा, फसवणूक आणि कौशल्य एकमेकांत इतके मिसळलेले असतात की दोष नेमका कशाचा हे सांगता येत नाही. खोट्या अळीत ते वेगळे काढून पाहता येतात. हिंसा माशाच्या वेदनेत आहे, मृत्यूत आहे की गळ टाकणाऱ्याच्या हेतूत? जीवाला फसवणे हे असत्य मानायचे का? आणि ज्या कामात मन पूर्ण लागते ते काम तेवढ्यामुळे शुद्ध ठरते का?

आधी ती अळी कशी बांधतात ते पाहावे, कारण पुढचा विचार त्या तपशिलावर उभा आहे. गळाचा आकडा लहान आणि पाठीत वाकलेला घेतात, कारण अळीचे शरीरही तसेच वाकलेले असते. आकड्यांचे क्रमांक उलटे चालतात: 14 पेक्षा 16 लहान, 16 पेक्षा 18 लहान. आकडा छोट्या शिकंज्यात पकडून नेढ्यामागून बाकाकडे दोरा गुंडाळत नेतात. अळी तळाशी राहते, म्हणून नकलीलाही बुडायला वजन हवे. त्यासाठी डोक्याशी पितळी मणी ओवतात किंवा दोऱ्याखाली जड तारेचे वेढे देतात. बाकापाशी तांब्याची केसासारखी बारीक तार अडकवून ठेवतात. मग सशाचे किंवा दुसऱ्या प्राण्याचे मऊ केस चिमटीने अगदी विरळ घेऊन दोऱ्यावर पिळतात. हा पीळ एकाच दिशेने द्यावा लागतो, नाहीतर केस सुटतात. हिरवट, पिवळसर किंवा मळकट पांढऱ्या रंगाचा तो लोकरी दोरा शरीरभर गुंडाळला की वरून तार उलट्या दिशेने सारख्या अंतराने फिरवतात. तारेच्या खाचांमुळे अळीच्या वळ्या दिसू लागतात आणि माशाच्या दातांनी केस निघत नाहीत. खऱ्या अळीचे डोके आणि त्यामागचा भाग कडक व गडद असतो, पायांच्या तीन जोड्या तिथेच असतात. म्हणून नकलीतही पुढचा भाग काळपट केसांचा करतात आणि त्यातले चार केस सुईने बाहेर ओढतात, तेच पाय. शेवटी गाठ मारून दोरा कापतात. लहान अळी बांधताना चूक बहुधा एकच होते, केस जास्त घेतले जातात. अळी फुगते आणि अळीसारखी दिसेनाशी होते.

माणूस एखाद्या जीवाकडे इतके बारकाईने क्वचितच पाहतो. बांधणाऱ्याला अळीचा रंग, वळ्या, पायांची जागा, पाण्यात ती कशी वाहते, मासा तिला कुठे शोधतो हे सगळे ठाऊक असावे लागते. एवढी जवळीक असूनही त्या कामाच्या शेवटी आकडाच असतो. पेच इथेच सुरू होतो.

हा पेच धाराशिव जिल्ह्यातल्या परंपरांशी ताडून पाहायचा आहे, जरी तिथे ट्राउट नाही आणि होणारही नाही. तेरणा, मांजरा, बोरी या पठारी नद्या उन्हाळ्यात आटतात, साठलेले पाणी तापते, आणि ट्राउटला गार, प्राणवायूने भरलेले वाहते पाणी लागते. भारतात हा मासा इंग्रजांनी आणून काश्मीर, कुलू, निलगिरी अशा थंड डोंगराळ पाण्यांत सोडला. मात्र गळाने मासे धरण्याचा छंद, तोही पोटासाठी नव्हे तर मनोरंजनासाठी, या भागाला नवा नाही. जिल्ह्यातल्या उमरग्याच्या पूर्वेला, आज कर्नाटकात असलेले बसवकल्याण ही कल्याणी चालुक्यांची राजधानी होती आणि धाराशिवचा प्रदेश त्यांच्या राज्यात मोडत असे. तिथल्या तिसऱ्या सोमेश्वर राजाच्या नावावर असलेला ‘मानसोल्लास’ हा संस्कृत ग्रंथ 1129 च्या सुमारास रचला गेला. राजाच्या विनोदांचे वर्णन करणाऱ्या त्याच्या भागात मत्स्यविनोद हे स्वतंत्र प्रकरण आहे. कोणता मासा कुठल्या पाण्यात राहतो, त्याला काय खायला आवडते, दोरी आणि काठी कशी असावी, आमिष कोणत्या माशाला कोणते लावावे, आधी खाद्य टाकून मासे एका जागी कसे जमवावेत, हे सगळे त्यात येते. युरोपात गळाच्या छंदाला चिंतनशील माणसाचे मनोरंजन म्हणणारे आयझॅक वॉल्टन यांचे पुस्तक 1653 चे, म्हणजे पाचशे वर्षांहून अधिक नंतरचे. मानसोल्लासाच्या दृष्टीने हा राजाचा आनंद आहे. माशाच्या बाजूचा प्रश्न तो विचारत नाही.

तो प्रश्न योगशास्त्राने विचारला, आणि नेमका मासेमाराचेच उदाहरण घेऊन. पतंजलीच्या सूत्रांवरच्या व्यासभाष्यात अहिंसेच्या मर्यादित व्रताचा विचार येतो. मी फक्त मासेच मारीन, इतर कोणताही जीव मारणार नाही, असे म्हणणाऱ्या कोळ्याची अहिंसा ही जातीने मर्यादित अहिंसा आहे, असे भाष्यकार म्हणतात. इथे जाती म्हणजे जीवांचा प्रकार. स्थळ, काळ आणि प्रसंग यांनीही अशी मर्यादा पडते. या सगळ्या मर्यादा गळून पडल्या तरच ते महाव्रत. या मांडणीचा मोठेपणा असा की ती मासेमाराला व्रताबाहेर काढत नाही. त्याची अहिंसा अपुरी आहे, तरी ती अहिंसाच आहे. तो पायरीवर आहे.

महाभारताच्या वनपर्वातला मिथिलेचा धर्मव्याध याच दिशेने पुढे जातो. तो स्वतः प्राणी मारत नाही, पण मांस विकतो, आणि तरी कौशिक ब्राह्मणाला धर्म सांगण्याचा अधिकार त्याचा आहे. नांगराच्या फाळाखालीही असंख्य जीव मरतात, याकडे तो लक्ष वेधतो. धाराशिवच्या तलावांत मत्स्य सहकारी संस्थांमार्फत कटला, रोहू, मृगळ यांचे बीज सोडले जाते आणि भोई समाजातली माणसे जाळी टाकून ते मासे काढतात. या कामाला धर्मव्याधाचे उत्तर लागू पडते. घर चालवण्यासाठी केलेले ते काम आहे, त्यात दोष असला तरी तो उपजीविकेला चिकटलेला दोष आहे. शेतकऱ्याने नाक मुरडावे असे त्यात काही नाही. छंद म्हणून गळ टाकणाऱ्याला मात्र या उत्तराचा आधार घेता येत नाही. त्याचे पोट त्या माशावर अवलंबून नसते.

या जिल्ह्यात जीवहत्येविषयीच्या एकमेकांपासून दूरच्या भूमिका हाकेच्या अंतरावर नांदतात. तुळजापूरला भवानीच्या नवरात्रात अजाबळी होतो. तिथे हत्येला प्रसंग, विधी आणि देवतेची आज्ञा यांचे कुंपण आहे. भूम तालुक्यातले कुंथलगिरी हे दिगंबर जैनांचे सिद्धक्षेत्र. देशभूषण आणि कुलभूषण मुनी तिथे मोक्षाला गेले अशी श्रद्धा आहे, आणि आचार्य शांतिसागर महाराजांनी 18 सप्टेंबर 1955 रोजी तिथेच सल्लेखनेने, म्हणजे अन्नपाणी सोडत जाऊन, देह ठेवला. आपल्या शरीराच्या पोषणासाठी होणारी सूक्ष्म हिंसादेखील थांबवण्याचा तो टोकाचा निश्चय होता.

जैन आचारशास्त्राने हिंसेची जितकी बारीक छाननी केली तितकी दुसऱ्या कुणी केलेली नाही. गृहस्थाच्या बाबतीत स्वयंपाकपाण्यात होणारी, व्यवसायात होणारी आणि आक्रमणाचा प्रतिकार करताना होणारी हिंसा एका बाजूला ठेवली जाते. मारायचेच असे ठरवून केलेली संकल्पी हिंसा दुसऱ्या बाजूला, आणि ती गृहस्थानेही पूर्ण सोडायची असते. गळ या दुसऱ्या बाजूला पडतो. अळी बांधायला बसलेल्या माणसाच्या मनात संकल्प पहिल्या वेढ्यापासून हजर असतो.

पण आमिष खोटे आहे याने काही फरक पडतो का? इथे जैन परंपरेतली यशोधराची कथा विलक्षण उपयोगी पडते. ती सोमदेवसूरींच्या ‘यशस्तिलक’ या ग्रंथात सविस्तर येते. राष्ट्रकूट तिसऱ्या कृष्णाच्या काळात, 959 मध्ये तो पूर्ण झाला. यशोधर राजा जिवंत बळी द्यायला नकार देतो. आईच्या आग्रहाखातर तडजोड म्हणून पिठाचा कोंबडा करून देवीपुढे कापतो. कोणताही जीव गेलेला नाही. तरीही मायलेकांना पुढे कितीतरी पशुजन्म भोगावे लागतात आणि प्रत्येक जन्मात ते मारले जातात. त्यातला एक जन्म माशाचा आहे. नक्कल कापतानाही मनात मारण्याचा भाव होता, आणि कथेने हिशेब त्या भावाचा केला.

खोटी अळी या पिठाच्या कोंबड्याच्या उलट आहे. तिथे नक्कल मारली गेली आणि खरा जीव वाचला, तरी दोष लागला. इथे नक्कल मारते. यशोधराच्या कथेचा न्याय लावला तर आमिषाच्या खोटेपणाने गळ टाकणाऱ्याचा भार तसूभरही हलका होत नाही. एक गोष्ट मात्र त्याच्या जमेस धरली पाहिजे. गांडूळ टोचून गळ टाकला तर माशाआधी गांडुळाचा जीव जातो. जैन गणनेत गांडूळ दोन इंद्रियांचा जीव आणि मासा पाच इंद्रियांचा, पण दोन इंद्रियांचा जीवही जीवच. खोट्या अळीने तो वाचतो. ही बचत खरी आहे, लहान असली तरी.

आता फसवणुकीचा मुद्दा. भागवताच्या अकराव्या स्कंधात अवधूत यदुराजाला आपले चोवीस गुरू सांगतो, त्यांत मासा आहे. जिभेच्या मोहाने तो गळाला लागतो, म्हणून साधकाने रसना जिंकावी, हा त्याच्याकडून घेतलेला धडा. एकनाथांनी 1573 मध्ये पूर्ण केलेल्या भागवतावरच्या टीकेमुळे ही चोवीस गुरूंची मालिका मराठी घराघरांत पोहोचली. साधकासाठी हा उपदेश योग्यच आहे. फक्त तो मासेमाराविषयीचा निवाडा समजू नये. मासा लोभी होता म्हणून गळ टाकणारा निर्दोष, असे त्यातून निघत नाही. आणि भुकेला लोभ म्हणणे हा माशावर अन्यायच आहे. ओढ्यात वाहत येणारी अळी खाणे हे त्याचे जगणे आहे.

ज्ञानेश्वरीच्या तिसऱ्या अध्यायात इंद्रियांत लपलेल्या कामाचे वर्णन करताना हाच दृष्टांत येतो, पण ज्ञानेश्वर आणखी एक पाऊल टाकतात. आमिषाच्या पोटात प्राण घेणारा गळ आहे, आणि तो झाकलेला असल्याने माशाला कळत नाही, याकडे ते बोट दाखवतात. लक्ष माशाच्या जिभेवरून झाकण्याच्या क्रियेकडे वळते. मासेमारीतली फसवणूक नेमकी तिथे आहे. गांडुळाच्या आमिषात अन्न खरे असते आणि गळ झाकलेला असतो. कॅडिसच्या नकलीत अन्नही नसते.

याला असत्य म्हणावे का? व्यासभाष्याने सत्याची कसोटी वाणीला आणि मनाला लावली आहे: जे पाहिले, जाणले तसेच बोलणे, ऐकणाऱ्याला न फसवणे, आणि ते बोलणे जीवांच्या हिताचे असणे. खरे बोलूनही जीवांचा घात होत असेल तर ते सत्य नव्हे, पुण्याचा आभास आहे, इतक्या स्पष्टपणे भाष्य बोलते. माशाशी कुणी बोलत नाही, म्हणून शब्दाचे असत्य इथे नाही. पण दुसऱ्याच्या मनात मुद्दाम चुकीची समजूत उत्पन्न करायची आणि त्या समजुतीवर त्याचा घात बेतायचा, हे शब्दाशिवायही करता येते. खोटी अळी हे केसांत आणि तारेत केलेले विधान आहे, आणि ते ज्याच्यासाठी केले त्याच्या अहिताचे आहे. सत्याला जीवांच्या हिताशी बांधणाऱ्या या परंपरेत ती असत्यातच जमा होते. शेतातले बुजगावणेही खोटे असते, पण पाखराला ते फक्त दूर ठेवते. फरक खोटेपणाच्या प्रमाणात नाही, तो कुठे नेतो यात आहे.

तिसरा मुद्दा एकाग्रतेचा, आणि आजच्या काळात तोच सर्वांत जास्त फसवा. अळी बांधताना मन शांत होते, श्वास मंद होतो, वेळ कळत नाही, म्हणून हे एक ध्यानच आहे, असे छंदिष्ट मनापासून सांगतात. अवधूताच्या गुरूंत बाण करणारा कारागीरही आहे. तो बाण सरळ करण्यात इतका गढलेला होता की वाजतगाजत जवळून गेलेली राजाची स्वारी त्याला कळली नाही. भागवताने त्याच्याकडून एकाग्रता घेतली. पण बाण कुणाला लागणार, हा प्रश्न तिथे उठत नाही. अवधूताने कारागिराचा गुण उचलला, त्याची वस्तू उचलली नाही. हा भेद विसरला की कोणतेही बारीक काम साधना वाटू लागते.

तेरच्या गोरोबाकाकांची कथा या जागी ठेवून पाहावी. तेर हे धाराशिव जिल्ह्यातले तेरणेकाठचे गाव, प्राचीन काळचे व्यापारी नगर तगर, आणि गोरोबांची समाधी तिथेच आहे. नामस्मरणात तल्लीन होऊन ते मडक्यांची माती तुडवत होते. तान्हे मूल रांगत त्या मातीत आले आणि पायाखाली गेले. त्यांना कळले नाही. पुढे पंढरपूरला नामदेवांच्या कीर्तनात मूल परत मिळाल्याचे परंपरा सांगते, आणि बहुतेक वेळा कथेचा भर त्या चमत्कारावर असतो. तिचा मधला भाग अधिक विचार करायला लावतो. वारकरी परंपरेने ते मरण लपवले नाही, सौम्यही केले नाही. आईचा आकांत आहे, तिचा संताप आहे, पुढे गोरोबांनी स्वतःचे हात तोडल्याचे सांगितले जाते. तल्लीनता साक्षात विठ्ठलाच्या नामात होती, तरी पायाखाली काय आले याची जबाबदारी तिने पुसली नाही. जे देवाच्या नावाला लागू आहे ते आकड्यावरच्या दोऱ्याला लागू नाही असे कसे म्हणणार? मन लागले म्हणून काम शुद्ध झाले, हा युक्तिवाद तेरच्या मातीत टिकत नाही.

याहून भक्कम युक्तिवाद मासा धरून सोडून देणाऱ्यांचा आहे. उलट्या काट्याशिवायचा आकडा, ओले हात, मासा पाण्याबाहेर क्षणभरच, आणि परत प्रवाहात. मरण टळते. उरते ती वेदना. 2003 मध्ये लिन स्नेडन आणि सहकाऱ्यांनी इंद्रधनुषी ट्राउटच्या ओठांत मधमाशीचे विष आणि आम्ल टोचून पाहिले. माशांनी खाणे बराच काळ थांबवले, आणि आम्ल टोचलेले मासे ओठ खड्यांवर घासू लागले. त्याच्या आदल्याच वर्षी जेम्स रोझ यांनी माशाच्या मेंदूत वेदनेच्या जाणिवेला लागणारी रचनाच नाही असे मांडले होते, आणि वाद अजून मिटलेला नाही. वाद मिटलेला नसताना जोखीम कुणी घ्यायची, हा धर्माचा प्रश्न आहे. ती माशावर ढकलणे सोपे आहे, न्याय्य नाही. स्वित्झर्लंडने 2008 च्या प्राणिरक्षण नियमांत सोडून देण्याच्याच हेतूने मासे धरायला बंदी घातली. खायचा नसेल तर त्याला त्रास देण्याला कारण उरत नाही, अशी ती भूमिका. वरवर पाहता ती उलटी वाटते, कारण मारणे मान्य आणि सोडणे अमान्य. पण धर्मव्याधाच्या उत्तराशी ती जुळते: गरजेला आधार आहे, करमणुकीला नाही.

अमेरिकेत काही गळकरी आकड्याचे टोकच तोडून टाकतात. मासा नकलीवर येतो, तोंडात घेतो, चव न लागल्याने थुंकतो आणि जातो. गळकऱ्याला तो आला एवढेच पाहायचे असते. इथे हिंसा जवळजवळ शून्यावर येते, संकल्पही बदलतो, फसवणूक तेवढी शिल्लक राहते, तीही घाताशिवाय. व्यासभाष्याची कसोटी लावली तरी दोष फारच थोडा निघतो. माशाची एक झेप वाया गेली, तेवढा.

राहिला तो माणूस जो अळ्या बांधतो, विकतो किंवा भेट देतो, आणि स्वतः गळ टाकत नाही. जैन श्रावकाच्या व्रतांत निष्कारण पापापासून दूर राहण्याचे एक व्रत आहे. त्यात टाळायच्या गोष्टींत हिंसादान येते, म्हणजे दुसऱ्याच्या हाती हिंसेचे साधन देणे. बाण करणाऱ्याविषयी भागवताने न विचारलेला प्रश्न इथे विचारला गेला आहे, आणि उत्तरही दिले आहे. टोक असलेला आकडा दुसऱ्याच्या हाती गेला की त्याने धरलेल्या माशात बांधणाऱ्याचा वाटा असतो. टोक तोडून दिलेल्या अळीत तो नसतो, आणि बांधण्यातले सगळे कौशल्य, अळीविषयीचे सगळे ज्ञान, तासन्‌तास लागलेले मन तिच्यात जसेच्या तसे राहते.